एमी जॉन्सन सतत आदळायची, मग ती मोठी कशी?

प्रश्न डिचोलीच्या एका मुलीचा आहे. ती विमान देखभाल अभियंता, म्हणजे आम्ही ज्याला एएमई म्हणतो, त्या अभ्यासक्रमाच्या दुसऱ्या वर्षाला आहे. वर्गात एमी जॉन्सनवर, म्हणजे १९३० मध्ये इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला एकटीने विमान नेणाऱ्या पहिल्या बाईवर, दहा मिनिटं बोलायचं तिने ठरवलं, तर बाकावरचा सोबती म्हणाला, "ती बाई होती म्हणून गाजली. इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला जाताना जिथे उतरली तिथे विमान मोडून ठेवलं." घरी आईचं वेगळंच चाललंय: "विमानाच्याच लायनीत जायचं तर पायलट हो. पाना-पकड घेऊन ग्रीस माखून घ्यायला कशाला जातेस?" काका, यातलं खरं काय, असं तिने विचारलंय.

बाय, आधी तुझ्या सोबत्याला त्याचे मार्क देऊन टाकू. एमी उतरताना आदळायची, यात खोटं काही नाही. झाशीला आदळली, रंगूनजवळ आदळली, जावामध्ये पंखांना भोकं पाडून घेतली. सगळा प्रवास पार पडल्यावर ब्रिस्बेनला, स्वागताला लोटलेल्या गर्दीसमोर, मैदान अपुरं पडलं आणि विमान उलथं झालं. १९३१ च्या जानेवारीत पेकिंगला जायला निघाली ती वॉर्साजवळच आदळली. शिकताना तिला एकटीने विमान न्यायची परवानगी मिळाली तीही पंधरा तास पंचेचाळीस मिनिटांच्या शिकवणीनंतर. तिच्या बरोबरीचे बरेच जण त्याहून लवकर सुटले होते. मी चौतीस वर्षं विमानांच्या पोटाखाली काढली. वैमानिक कसा उतरतो हे आम्हाला प्रवाशांच्या आधी टायर सांगतात. एमीचे टायर मला रोज बघावे लागले असते तर मी तिच्याबद्दल फार बरं बोललो नसतो.

आता उरलेले मार्क. ती उतरत होती ते विमान कुठलं, हे सोबत्याला विचार. डी हॅविलँड कंपनीचं जिप्सी मॉथ, नोंदणी जी-एएएएच. लाकडी सांगाडा, त्यावर प्लायवूड, पंखांना तागाचं कापड. इंजिन चार सिलिंडरचं, शंभर अश्वशक्तीचं. चाकांना ब्रेक नाहीत. शेपटीला चाकही नाही, नुसता घसरता दांडा. फ्लॅप, म्हणजे पंखाच्या मागच्या कडेला खाली झुकणाऱ्या झडपा, नाहीत, त्यामुळे उतरताना वेग हवा तसा मारता येत नाही. एकटं उडायचं तर मागच्या खोबणीत बसायचं, आणि तिच्या विमानात तर पुढच्या जागेत पेट्रोलची जादा टाकी बसवलेली. जमिनीवर आल्यावर नाक वर, समोरचं काही दिसत नाही, मान बाजूला काढून बघायचं. बाजूला एक जादा पंखा, म्हणजे प्रोपेलर, दोरीने बांधलेला. अंगावर दहा-बारा तासांचा थकवा, रात्रीची झोप तीन-चार तास, आणि खाली धावपट्टी म्हणून कवायतीचं मैदान नाहीतर खेळाचं पटांगण. एवढं सगळं धरून ती कच्ची होतीच, पण हे सगळं धरूनच तिला मोजायला हवं.

तरी माझा मुद्दा तो नाही. आदळणं माफ करून तिला मोठं ठरवायचं नाहीये मला. आदळल्यावर दुसऱ्या दिवशी, फार तर तिसऱ्या दिवशी, तेच विमान पुन्हा आकाशात जायचं, ते कसं, हे बघ. वैमानिक म्हणून ती बेताची. विमान घेऊन लांब जाणारी म्हणून तिच्या तोडीचे फार थोडे. या दोन गोष्टींत फरक आहे आणि तो फरक तुझ्या अभ्यासक्रमात आहे.

एमीचा जन्म १ जुलै १९०३ चा, इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या हल बंदरातला. घरचा धंदा मासळीचा, घाऊक. वडिलांच्या धंद्याचं जे व्यापारचिन्ह होतं, 'जेसन', तेच नाव तिने विमानाला दिलं. गडद हिरव्या विमानावर रुपेरी अक्षरांत मासळीच्या पेटीवरचं नाव. मडगावच्या घाऊक बाजारातल्या एखाद्या मासळीवाल्याच्या मुलीने विमान घेतलं आणि बापाच्या ट्रकवरचं नाव त्यावर रंगवलं, अशी कल्पना कर, म्हणजे हे बरोबर पोचेल. ग्रीक पुराणातला वीर वगैरे लोकांनी मागाहून लावलेलं. शेफील्डला अर्थशास्त्रात पदवी घेतली, मग लंडनला एका वकिलाकडे टायपिस्ट-सेक्रेटरी. १९२८ मध्ये लंडनच्या स्टॅग लेन विमानतळावरच्या क्लबात उडायला शिकू लागली आणि जुलै १९२९ मध्ये वैमानिकाचा 'ए' परवाना मिळाला.

इथवरचं कुठल्याही हौशी माणसाचं आयुष्य आहे. त्या काळात इंग्लंडात पैसेवाल्या घरच्या बायका उडत होत्या, काही तर एमीहून कितीतरी सफाईने. एमी वेगळी पडली ती हँगरमध्ये, म्हणजे विमानं ठेवायच्या-दुरुस्त करायच्या शेडमध्ये. क्लबचे मुख्य मेकॅनिक जॅक हम्फ्रीज यांच्या हाताखाली ती कामाला लागली. नोकरीच्या आधी आणि नोकरी सुटल्यावर, अंगात ओव्हरऑल चढवून, आधी फरशी झाडण्यापासून. हँगरमधली माणसं तिला 'जॉनी' म्हणायची. नाव बदलल्याशिवाय त्यांना ती पचली नसावी, असा माझा अंदाज. आणि त्याच १९२९ सालात तिने ग्राउंड इंजिनिअरचा 'सी' परवाना मिळवला. ब्रिटनमध्ये तो मिळवणारी ती पहिली बाई.

हा 'सी' काय, ते तुला पुस्तकात आता सापडणार नाही. 'ए' म्हणजे उड्डाणाआधी विमानाचा सांगाडा तपासून सही करायचा अधिकार, 'सी' म्हणजे इंजिन तपासून सही करायचा. 'बी' आणि 'डी' पूर्ण उघडून केलेल्या मोठ्या दुरुस्तीचे. वैमानिकांचाही 'ए' असायचा, त्याच्याशी याची गल्लत करू नकोस. ब्रिटिशांची ही अक्षरं आपल्या विमान नियमांत जशीच्या तशी आली आणि सीएआर-६६ ही परवान्यांची नवी नियमावली येऊन बी-१, बी-२ होईपर्यंत टिकली. माझ्या पहिल्या परवान्यावरही 'ए' आणि 'सी' होते. तो हातात आला त्या दिवशी मला एमी जॉन्सन कोण हे ठाऊक नव्हतं. पुढे कधीतरी वाचलं, तेव्हा कपाटातून परवान्याचं ते जुनं पुस्तक काढून त्या अक्षराकडे बघत बसलो.

त्या काळच्या इंजिनाला असा माणूस रोज लागायचा. आज आपलं इंजिन हजारो तास पंखाला लटकलेलं राहतं. जिप्सीला एका दिवसाच्या उड्डाणानंतर प्लग काढून साफ करा, व्हॉल्व्हचं अंतर बघा, प्लगला ठिणगी पुरवणाऱ्या मॅग्नेटोचे पॉइंट बघा, गाळण्या धुवा, तेल बदला, पंखांच्या तारांचा ताण बघा. पेट्रोल डब्यांतून यायचं, ते चामड्यातून गाळून घ्या, कारण त्यात पाणी असणारच. हे सगळं दिवसभर उडून आल्यावर, अंधारात. ज्याला हे येत नाही तो प्रत्येक मुक्कामावर कोणातरी मेकॅनिकच्या मेहेरबानीवर. एमीला बऱ्याच ठिकाणी मदत मिळाली, अगदी हवाई दलाचीही. पण मदत करणाऱ्याला काय करायचं ते सांगता येणं आणि त्याने केलेलं बरोबर आहे की नाही हे ओळखता येणं, ही निम्मी दुरुस्ती असते.

विमान जुनं होतं, सहाशे पौंडांचं. निम्मे पैसे वडिलांनी दिले, निम्मे तेलवाले लॉर्ड वेकफील्ड यांनी. ५ मे १९३० रोजी लंडनच्या क्रॉयडनहून ती एकटी निघाली. गाठीला उड्डाणाचे तास शंभराच्याही आत, आणि त्याआधीची सर्वांत लांब मजल म्हणजे लंडन ते हलचं घर. व्हिएन्ना, कॉन्स्टँटिनोपल, अलेप्पो. अलेप्पोहून बगदादकडे जाताना वाळूच्या वादळाने तिला खाली आणलं. वाळवंटात कसंबसं उतरून तिने काय केलं ते ऐक. सामान ओढून चाकांना अडण लावली, इंजिनावर कॅनव्हास बांधला, पिस्तूल बाहेर काढलं आणि वादळ जाईपर्यंत शेपटीपाशी बसून राहिली. क्रम बघ. चाकं, इंजिन, मग पिस्तूल. हा मेकॅनिकचा क्रम आहे.

सहाव्या दिवशी ती कराचीला पोचली. तिच्याआधी बर्ट हिंकलर या ऑस्ट्रेलियन वैमानिकाला तिथवर आठ दिवस लागले होते. इथून पुढे वर्तमानपत्रांना जाग आली. तोवर तिला कोणी विचारत नव्हतं.

कराचीहून तिला अलाहाबाद गाठायचं होतं. वारा समोरून. पेट्रोल संपत आलं आणि ती उतरली झाशीला. मराठी माणसाला झाशी म्हटलं की एकच बाई आठवते, पण १९३० च्या मे महिन्यात तिथल्या लष्करी कवायतीच्या मैदानावर दुसरी एक उतरली. शिपाई पळाले, झाडं आणि माणसं चुकवत विमान बराकींच्या दिशेने गेलं आणि पंख मोडून थांबलं. तो पंख गावच्या सुताराने नीट केला. मला हा सुतार फार आवडतो. त्याने विमान उभ्या आयुष्यात पहिल्यांदाच पाहिलं असणार, पण लाकूड त्याला कळत होतं आणि त्या विमानात कळण्यासारखं लाकूडच होतं. आजच्या कार्बन फायबरच्या पंखाला तो हात लावू शकला नसता, आणि खरं सांगायचं तर मीही कंपनीच्या मॅन्युअलवाचून लावणार नाही.

मग कलकत्ता, आणि तिथून रंगून. पाऊस सुरू झालेला. जूनमध्ये आपल्याकडे मुरगावच्या खाडीवरून पावसाची भिंत चालत येते आणि बघता बघता धावपट्टीचं दुसरं टोक गायब होतं. तसल्या पावसात तिला रंगूनचं घोडदौडीचं मैदान शोधायचं होतं. सापडलं ते इन्सीनच्या तंत्रशाळेचं खेळाचं पटांगण, घोडदौडीच्या मैदानाहून कितीतरी लहान. विमान पटांगण ओलांडून चरात गेलं. पंख फाटला, चाकांचा सांगाडा मोडला, प्रोपेलर गेला. इथे बाजूला बांधलेला तो जादा प्रोपेलर कामी आला. चाकांचं काम तंत्रशाळेच्या कार्यशाळेत झालं. राहिलं पंखांचं कापड. विमानाचं तागाचं कापड रंगूनच्या बाजारात कुठून मिळणार? मिळालं ते शर्टांच्या रूपात. पहिलं महायुद्ध संपल्यावर विमानांचं उरलेलं कापड स्वस्तात विकलं गेलं होतं आणि त्याचे शर्ट शिवले गेले होते. ते शर्ट उसवले आणि पंखाला लावले.

आता त्यातलं कसब बघ. कापड नुसतं शिवून चालत नाही. त्यावर डोप नावाचं लुकण फासतात, ते सुकताना कापड आवळतं आणि ढोलकीच्या पुडीसारखं ताणलं जातं. भलत्याच विणीचं कापड असेल तर ते आवळत नाही, सैल राहतं, वाऱ्याने फडफडतं आणि फाटतं. म्हणून साधा शर्ट चालला नसता, विमानाच्याच कापडाचा शर्ट हवा होता. तिथे तीन दिवस मोडले आणि हिंकलरचा विक्रम हातचा गेला. पुढे जावात एका साखरेच्या मळ्यात उतरताना जमिनीत रोवलेल्या बांबूंच्या खुंटांनी पंखाला भोकं पाडली. त्यांवर तिने चिकटपट्टी लावली. दवाखान्यातली, जखमेवर लावतात ती. माझ्या हाताखालच्या पोराने असं केलं असतं तर त्याला घरी पाठवला असता. पण ती बरोबर होती. भोकं लहान होती, सांगाडा शाबूत होता, पुढची मजल निभणार होती. कुठे चिकटपट्टी चालते आणि कुठे चालत नाही हे ज्याला कळतं तोच ती लावू शकतो. बाकीच्यांनी मॅन्युअल पाळावं.

तिमोरवरून पाचशे मैलांचा समुद्र ओलांडून २४ मे १९३० रोजी ती डार्विनला उतरली. साडेएकोणीस दिवस, अकरा हजार मैल. हिंकलरपेक्षा चार-एक दिवस जास्त. म्हणजे वेगाचा विक्रम नाहीच. इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला एकटीने उडत जाणारी पहिली बाई, ही नोंद तिची. मग डेली मेलचे दहा हजार पौंड, सीबीईचा किताब, मिरवणुका, गाणी. या गोंगाटाने तिची प्रकृती ढासळली आणि इंग्लंडात परतल्यावर ठरलेला दौरा अर्ध्यावर सोडावा लागला. बाई म्हणून गाजली, हे तुझा सोबती म्हणतो ते या भागापुरतं खरं आहे. तेच उड्डाण एखाद्या पुरुषाने साडेएकोणीस दिवसांत केलं असतं तर आतल्या पानावर चार ओळी आल्या असत्या. पण ते तिच्या कामाचं मोजमाप नाही, वर्तमानपत्रांचं आहे. जेसन आज लंडनच्या सायन्स म्युझियममध्ये टांगलेलं आहे.

पुढचं भराभर सांगतो. १९३१ च्या उन्हाळ्यात तिने टोकियो गाठलं, तेही सोबत जॅक हम्फ्रीजना घेऊन. गुरूला घेऊन जाणं मला तिच्या सगळ्या विक्रमांपेक्षा जास्त भावतं. लंडन ते मॉस्को एका दिवसात त्याच प्रवासात. १९३२ मध्ये जिम मॉलिसन या वैमानिकाशी लग्न, आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात केपटाउनला एकटीने जाऊन त्याचाच विक्रम मोडला. हे लग्न फार टिकायचं नव्हतं, १९३८ मध्ये घटस्फोट झाला.

पण १९३४ ची एक गोष्ट भराभर सांगून चालणार नाही, कारण ती परीक्षेला येते. नवरा-बायको मिळून इंग्लंड ते मेलबर्न या मॅकरॉबर्टसन शर्यतीत उतरले होते. विमान डी हॅविलँड कॉमेट, नाव 'ब्लॅक मॅजिक', दोन इंजिनांचं, शर्यतीसाठी मुद्दाम बांधलेलं. कराचीपर्यंत विक्रमी वेळेत आले. मग रात्री वाट चुकली आणि उतरावं लागलं जबलपूरला. तिथे विमानाचं पेट्रोल नव्हतं. बस कंपनीचं होतं. तेच भरलं.

या इंजिनाचा दाब वाढवलेला होता, म्हणजे सिलिंडरमध्ये मिश्रण जास्त आवळलं जायचं. अशा इंजिनाला वरच्या ऑक्टेनचं पेट्रोल लागतं. हलकं पेट्रोल घातलं की ठिणगी पडून आग एका बाजूने सरकत जाण्याऐवजी उरलेलं मिश्रण आपोआप, एकदम, जागोजागी भडकतं. पिस्टनवर हातोडे बसल्यासारखं होतं, उष्णता वाढते, पिस्टन जळतो किंवा अडकतो. अलाहाबादला पोचेपर्यंत इंजिनाची वाट लागली होती आणि शर्यत तिथेच संपली. 'सी' परवानावाल्या बाईला हे कळत नव्हतं असं मी मानणार नाही. रात्री, शर्यतीत, दोघांत काय बोलणं झालं ते त्यांचं त्यांना ठाऊक. मी विद्यार्थ्यांना एवढंच सांगायचो की इंजिनाला घाई कळत नाही.

आता तुझ्या आईचा प्रश्न. त्यासाठी माझी एक गोष्ट सांगावी लागेल, आणि ती माझ्या फायद्याची नाही.

मी दाबोळी विमानतळावर लाइन मेंटेनन्सला, म्हणजे दोन उड्डाणांमधल्या तपासणी-दुरुस्तीला, असताना आमच्याकडे पहिल्यांदा एक मुलगी ट्रेनी म्हणून आली. मी तिला कागदपत्रांच्या टेबलावर बसवलं. अक्षर चांगलं होतं, हे कारण. खरं कारण मला माहीत होतं आणि तिलाही. तीन महिने तिने लॉगबुकं लिहिली. जुलैतल्या एका रात्री पाऊस असा होता की अ‍ॅप्रनवर, म्हणजे विमानं उभी करायच्या जागेवर, पाणी वाहत होतं. दोन माणसं कमी होती, म्हणून तिला बाहेर घेतलं. एअरबस ए-३२० चं इंजिन जमिनीपासून फार उंच नसतं आणि त्याच्या पंख्यावरच्या दरवाजांच्या कड्या अगदी खालच्या बाजूला, पोटाशी असतात. त्या लागल्यात की नाही हे उभ्याने दिसत नाही. वाकूनही धड दिसत नाही. गुडघ्यावर बसून, नाहीतर सरळ आडवं होऊन, टॉर्च मारून बघावं लागतं. न लागलेल्या कड्यांमुळे हे दरवाजे उड्डाणात फाटून गेल्याच्या घटना जगभर झाल्या आहेत.

तपासणी झाली होती, सही करायला मी पेन काढलं होतं. ती म्हणाली, "सर, एक मिनिट." आणि त्या वाहत्या पाण्यात पाठीवर झोपली. उजव्या इंजिनाची एक कडी बसल्यासारखी दिसत होती, पण बसलेली नव्हती. बोटाची पेर जाईल एवढी वर होती. आधी तपासणाऱ्याने वाकून बघितलं होतं, झोपून नाही. पाऊस होता ना. तिने कडी लावली, उठली, केसांतून पाणी निथळत होतं, आणि मला म्हणाली, "आता करा." दुसऱ्या दिवसापासून कागदांच्या टेबलावर दुसरा मुलगा बसला. त्याचं अक्षर भयंकर होतं.

तेव्हा आईला सांग, ग्रीस लागतंच. पावसाळ्यात चिंब भिजणं होतं, रात्रपाळी असते, गणपतीला घरी असशीलच याची खात्री नाही. समुद्राकाठच्या खाऱ्या हवेत विमानाला गंज फार लवकर धरतो, तो शोधायला अडचणीच्या सांदीत हात घालावे लागतात, नखं राहत नाहीत. पायलटचा पगार जास्त, मानही जास्त, पण तिथवर जायचा खर्चही घर गहाण टाकायला लावणारा. आपल्या देशात आता सुमारे १५ टक्के वैमानिक बायका आहेत, जगाच्या सरासरीच्या जवळजवळ तिप्पट, तेव्हा त्या रस्त्यात नवल उरलेलं नाही. लाहोरला सरला ठकराल यांनी १९३६ मध्ये साडी नेसून जिप्सी मॉथ उडवलं, हो, तेच एमीचं मॉडेल, आणि त्यांच्यानंतर दहा-अकरा वर्षांत प्रेम माथुर हैदराबादच्या डेक्कन एअरवेजमध्ये वैमानिक झाल्या. त्या वाटेवर पावलं उमटलेली आहेत. हँगरमध्ये अजून कमी आहेत. तुला पायलट व्हायचं असेल तर जरूर हो. पण आईला वाटतं म्हणून नको. आणि एक सांगून ठेव: कप्तान कितीही मोठा असला तरी एएमईची सही झाल्याशिवाय दुरुस्तीला धरलेलं विमान जागचं हलत नाही.

एमीला हे पटलेलं होतं. १९३५ ते १९३७ ती ब्रिटनच्या विमेन्स इंजिनिअरिंग सोसायटीची अध्यक्ष होती. विक्रम मोडणाऱ्या बाईने इंजिनिअर बायकांच्या संस्थेत बसून सभा चालवायच्या, ही गोष्ट चरित्रांत एका ओळीत उरकतात. तुझ्या दहा मिनिटांत तिला दोन मिनिटं दे.

शेवटाबद्दलही विचारतील, म्हणून सांगतो. दुसऱ्या महायुद्धात ती एअर ट्रान्सपोर्ट ऑक्झिलरीत दाखल झाली. कारखान्यातून, तळावरून विमानं उचलायची आणि हवाई दलाला पोचवायची, हे या वैमानिकांचं काम. रेडिओशिवाय. ५ जानेवारी १९४१ ला ती ब्लॅकपूलहून ऑक्सफर्डजवळच्या किडलिंग्टनला एअरस्पीड ऑक्सफर्ड विमान घेऊन निघाली. तासाभराचा रस्ता. हवा वाईट होती. सुमारे चार तासांनी ती भलत्याच दिशेला, टेम्स नदीच्या मुखावर, पॅराशूटने पाण्यात उतरताना दिसली. एचएमएस हेझलमियर या जहाजाचे कप्तान वॉल्टर फ्लेचर यांनी त्या गोठत्या पाण्यात उडी घेतली. तेही वाचले नाहीत. एमीचा देह सापडला नाही. वय ३७.

तर्क पुष्कळ आहेत, आपल्याच तोफांनी पाडली इथपासून. मी त्या फंदात पडत नाही. माझ्या डोळ्यांपुढे तिचं इंधन मोजण्याचं काम येतं. ढगांवर चार तास, खाली भोक सापडत नाही, रेडिओवर विचारायची सोय नाही, आणि काटा खाली येतोय. यात दुरुस्त करण्यासारखं काही नसतं. त्या दिवशी जे बिघडलं होतं ते हवामान होतं.

वर्गात बोलायच्या आधी एकदा बोगमाळोच्या रस्त्यावरच्या नौदल विमान संग्रहालयात जाऊन ये. जिप्सी मॉथ तिथे नाही, पण डी हॅविलँडचंच डव्ह आहे, आणि अंगणात सुपर कॉन्स्टेलेशन उभं आहे, त्याच्या पोटाखाली वाकून बघितलंस तर जुन्या माणसांनी किती सांदींत हात घातले असतील ते कळेल. सोबत्यालाही ने. आईलाही. फक्त सोमवारी जाऊ नका, सोमवारी बंद असतं.